सुर्कूफवरच्या खलाशाची वही

'बुडाली' हा शब्द मॅडमना चालत नसे. कोणी चुकून म्हटलंच, तर हातातल्या लाल पेनाचं टोपण त्या टेबलावर दोनदा आपटायच्या आणि म्हणायच्या, "बुडाली नाही. परत आली नाही, असं म्हण."

"दोन्हीत फरक काय, मॅडम?" मी एकदा विचारलं होतं.

"बुडाली म्हटलं की तू मोकळी झालीस. परत आली नाही म्हटलं की वाट बघावी लागते."

हे संभाषण फ्रेंच पाणबुड्यांबद्दल चाललेलं होतं, आणि तेही न्यू जर्सीतल्या पार्सिपनीत, एका टाउनहाउसच्या स्वयंपाकघरात, खिडकीतल्या कढीपत्त्याच्या कुंडीशेजारी बसून. हिवाळ्यात त्या कुंडीला मॅडम जुना मफलर गुंडाळायच्या. झाड जगलं होतं, त्यामुळे त्या मफलरबद्दल कोणी काही बोलत नसे.

तुमच्यापैकी जे पुण्यात शिकले असतील, त्यांनी अशा बाई नक्की पाहिल्या असतील. दहावीला मार्क हवेत म्हणून संस्कृत सोडून फ्रेंच घेतलेल्या मुलामुलींना पुढच्या खोलीत सतरंजीवर बसवून शिकवणाऱ्या. चाळीस वर्षं मॅडमनी हेच केलं. पॅरिसच्या भुयारी रेल्वेचा नकाशा त्यांना तोंडपाठ होता आणि पॅरिस त्यांनी कधी पाहिलं नव्हतं. "बघून काय करायचंय? पेपरात तेवढंच विचारतात," असं त्या म्हणायच्या.

यजमान गेल्यावर मुलानं त्यांना इकडे आणलं. मुलगा-सून सकाळीच कामावर जात, नात दूरच्या कॉलेजात. कॉम्प्लेक्समधल्या सगळ्यांनी त्यांना 'आजी' म्हणायला सुरुवात केली, तेव्हा त्यांनी पहिल्याच आठवड्यात खुलासा केला, "आजी मी घरात. बाहेर मॅडम." त्यामुळे मीही मॅडमच म्हणायची, आणि इथेही तेच म्हणणार आहे.

मी त्यांच्यापासून तिसऱ्या दारात राहते. माझं काम सॉफ्टवेअर टेस्टिंगचं, म्हणजे दुसऱ्यानं मन लावून केलेल्या कामातल्या चुका शोधायच्या आणि शांतपणे झोपी जायचं. गुरुवारी मी घरून काम करते हे मॅडमच्या मुलाला कळलं आणि त्यानं मला गाठलं. "ताई, थर्सडेला आईला जरा लायब्ररीत ड्रॉप करशील? घरात बसून ती वॉशिंग मशीनशी बोलायला लागली आहे, यार." मला ती थट्टा वाटली.

आमच्या गावच्या लायब्ररीत बाहेरून आलेल्यांसाठी इंग्रजी संभाषणाचा वर्ग भरतो. तिथे शिकवायला बार्बरा नावाच्या एक बाई येत. वय ऐंशीच्या वर. इथल्या रिवाजाप्रमाणे त्यांना नुसतं 'बार्बरा' म्हणायचं, पण माझ्या जिभेला ते जमत नाही, म्हणून मनात मी त्यांना बार्बराबाई म्हणते. मॅडमनी पहिल्याच दिवशी बार्बराबाईंनी वाटलेल्या कागदावर लाल पेनानं तीन खुणा करून तो परत दिला. बार्बराबाई हसल्या. या बाईंना इंग्रजी शिकवण्यात अर्थ नाही हे त्यांच्या लक्षात आलं. तुम्हीही शिक्षिकाच दिसता, शिकवता काय, असं त्यांनी विचारलं. मॅडम म्हणाल्या, फ्रेंच. पुढच्या गुरुवारी बार्बराबाई बिस्किटांचा एक जुना पत्र्याचा डबा घेऊन आल्या.

त्या डब्यात चार पत्रं आणि काळ्या पुठ्ठ्याची एक वही होती. हे सगळं बार्बराबाईंच्या आईचं होतं. दुसऱ्या महायुद्धात, त्यांची आई अगदी तरुण असताना, मेन राज्याच्या किनाऱ्यावरच्या नौदलाच्या गोदीत सुर्कूफ नावाची फ्रेंच पाणबुडी दुरुस्तीला आली होती. तेव्हाची जगातली सगळ्यांत मोठी पाणबुडी. वर दोन मोठ्या तोफा आणि आत घडी घालून ठेवलेलं छोटं विमान. फ्रान्स पडल्यावर ती इंग्रजांच्या बंदरात सापडली आणि मग त्यांच्या बाजूनं लढायला निघाली. या पाणबुडीवर विजेचं काम बघणारा एक खलाशी होता, तो बार्बराबाईंचा बाप.

दुरुस्ती काही महिने चालली. हिवाळ्याच्या तोंडाशी पाणबुडी निघाली, तेव्हा भरलेली वही त्यानं बार्बराबाईंच्या आईपाशी ठेवायला दिली. नंतर चार पत्रं आली. फेब्रुवारीत सुर्कूफ बर्म्युडाहून पनामाच्या दिशेनं गेली आणि परत आली नाही. आत सव्वाशेहून जास्त माणसं होती. अंधारात एका मालवाहू जहाजाची धडक बसली असावी असं म्हणतात. काही जण आणखी काही म्हणतात. सांगाडा आजतागायत कोणाला सापडलेला नाही. बार्बराबाई त्यानंतरच्या उन्हाळ्यात जन्मल्या. आईनं पुढे दुसऱ्याशी लग्न केलं, न्यू जर्सीला आली, आणि डबा कपाटाच्या वरच्या फळीवर गेला.

"इतकी वर्षं कोणाकडून वाचून का घेतलं नाही?" मॅडमनी विचारलं.

बार्बराबाई म्हणाल्या, "मला एकच गोष्ट हवी आहे. मी होणार आहे, हे त्याला माहीत होतं का? आईला विचारायचं धाडस झालं नाही. आणि माहीत असूनही तो गेला, असं निघालं तर? म्हणून डबा बंद ठेवला. आता मात्र फार दिवस उरले नाहीत."

त्या दिवसापासून आमचे गुरुवार बार्बराबाईंच्या घरी जायला लागले. मी त्यांच्या दिवाणखान्यात लॅपटॉप उघडून बसायची, त्या दोघी स्वयंपाकघरातल्या टेबलाशी. मधलं दार उघडं असायचं.

मॅडमची पद्धत वर्गातलीच. आधी संपूर्ण पत्र मोठ्यानं फ्रेंचमध्ये वाचायचं, अर्थ नंतर. बार्बराबाईंना एक अक्षर कळत नव्हतं, पण त्या हात मांडीवर ठेवून ऐकायच्या. पुणेरी उच्चारांत का होईना, बापाचे शब्द जन्मात पहिल्यांदा त्यांच्या कानावर पडत होते. मला दारातून त्यांची पाठ दिसायची. ती पाठ पाहून मी दोन-तीनदा माझी मीटिंग म्यूट केली आहे.

पत्रं साधीच होती. जागेचं नाव सेन्सॉरनं खोडलेलं. पहिली तीन कॅनडातल्या हॅलिफॅक्सहून आणि शेवटचं बर्म्युडाहून असावं, हे मॅडमनी तारखांवरून काढलं. थंडी आहे, बूट ओले आहेत, तुझं इंग्रजी मला कळतं, बाकी कोणाचं कळत नाही. चौथ्या पत्रात त्यानं लिहिलं होतं, की टपालाची पिशवी आमच्या मागे-मागे फिरते आहे, तुझं एकही पत्र अजून हातात पडलेलं नाही.

मॅडमनी पेनाचं टोपण लावलं. बार्बराबाईंनी पत्राची घडी घातली. मग एवढंच म्हणाल्या, "म्हणजे माहीत नव्हतं."

मॅडमनी त्यांच्याकडे पाहिलं, मग डब्याकडे पाहिलं, आणि इंग्रजीत म्हणाल्या, "अजून वही राहिली आहे."

वही सत्तर-ऐंशी पानांची होती. मॅडम ती घरी घेऊन जाऊ लागल्या आणि दर गुरुवारी एक पान वाचून दाखवू लागल्या. ती रोजनिशी निघाली म्हणून बार्बराबाईंना आणि मलाही आनंद झाला. खलाशी फ्रान्सच्या किनाऱ्यावरच्या ब्रिटनी प्रांतातला. घरी आई आणि एक मोठी बहीण. गोदीतल्या वेल्डिंगच्या ठिणग्या, रविवारची नाचाची संध्याकाळ, पावाऐवजी मिळणारा कापसासारखा अमेरिकी ब्रेड. बार्बराबाई खळखळून हसायच्या आणि डोळे पुसायच्या. त्यांच्या गालावर रंग आला होता, हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं आहे.

याच काळात मॅडमना पाणबुड्यांचं वेड लागलं. लायब्ररीतून जाडजूड पुस्तकं यायला लागली. फ्रिजवर सुनेच्या डाएटच्या तक्त्याशेजारी एक यादी लागली. दोन युद्धांच्या मधल्या काळात फ्रान्सनं बांधलेल्या पाणबुड्या आणि पुढे त्यांचं काय झालं ते. फेनिक्स इंडोचायनाच्या किनाऱ्याजवळ सरावात बुडी मारून गेली ती वर आली नाही, तेव्हा युद्ध सुरूसुद्धा झालं नव्हतं. दोरिस हॉलंडच्या किनाऱ्याजवळ. नारवाल शरणागती झुगारून निसटली आणि ट्युनिशियाजवळच्या सुरुंगावर गेली. पाँसलेच्या कप्तानानं सगळ्यांना बाहेर काढलं आणि स्वतः आत थांबला. तूलाँच्या बंदरात तर जर्मनांच्या हाती लागू नयेत म्हणून फ्रेंचांनी स्वतःच्याच हातानं कितीतरी बुडवल्या.

"आणि ती कासाबियांका?" मी पुस्तक चाळून शहाणपणा केला. "ती तूलाँहून सुटली ना? पुढे दुरुस्तीला फिलाडेल्फियाला पण आली होती म्हणे. इथून दोन तासांवर!"

"सुटलेल्यांचं सगळेच सांगतात," मॅडम म्हणाल्या. "त्यांना माझी गरज नाही."

त्यांच्या सुनेनं एकदा मला हळूच सांगितलं, "आई पूर्ण दुपार बेसमेंटमध्ये बसतात गं. लाइट पण लावत नाहीत. मला ना, भीती वाटते."

मीही त्यांना तसं बसलेलं पाहिलं. एका दुपारी डोशाचं पीठ द्यायला गेले तर वर कोणी नव्हतं. खाली उतरले. घर तापवणारी भट्टी घुरघुरत होती, पाइप टणटणत होते, आणि मॅडम शाल पांघरून एका दुमडत्या खुर्चीवर, भिंतीकडे तोंड करून बसल्या होत्या. मांडीवर दोन वह्या, एक काळी आणि एक रेघांची, शाळेतली.

"मॅडम, इथे काय करता?"

त्यांनी हात वर करून मला थांबवलं. थोडा वेळ ऐकत राहिल्या. मग म्हणाल्या, "वर फार उजेड आहे. तो बोलत नाही वर."

मी पीठ पायरीवर ठेवलं आणि घरी आले. खरं सांगते, त्या दिवशी मला त्यांची भीती वाटली. चांगली शिकलेली, हिशेबी बाई, आणि डोळे मात्र माझ्यावरून पलीकडे कुठेतरी लागलेले.

मग तो दह्याचा गुरुवार आला.

माझी मीटिंग चालू होती, एक कान स्वयंपाकघराकडे. मॅडम इंग्रजीत वाचत होत्या. खलाशी पहिल्यांदा घर सोडून बोटीवर निघाला तो दिवस. पाऊस होता, बहीण रडत होती. 'आईनं मला दारात थांबवलं, माझा उजवा हात पसरायला लावला, तळहातावर चमचाभर दही घातलं आणि म्हणाली, चाट आणि मागे न बघता जा.'

मी चहाचा कप खाली ठेवला. अहो, माझ्या प्रत्येक परीक्षेला माझ्या आईनं माझ्या हातावर दही घातलं आहे. विमानतळाला निघाले तेव्हासुद्धा घातलं, आणि ते हँडबॅगेला लागलं म्हणून मी चिडलेसुद्धा होते. चुका काढणं हा माझा पेशा आहे. पण ही चूक दिसायला पेशा नको, मराठी आई पुरे. बार्बराबाई मात्र आपला तळहात उघडून त्याकडे बघत बसल्या होत्या.

गाडीत बसल्यावर मी विचारलं, "मॅडम, ब्रिटनीत दही?"

"ताक पितात ते लोक. पुस्तकात आहे."

"ताक पीत असतील. हातावर घालतात का?"

"गाडी चालव. सिग्नल हिरवा झालाय."

घरी पोचल्यावर त्या शाल काढायला आत गेल्या. काळी वही टेबलावर होती. मी जे केलं त्याचा मला अभिमान नाही. वहीच्या पानावर फोन धरला. आजकाल फोन कुठल्याही भाषेतल्या मजकुराचं भाषांतर क्षणात दाखवतो, तुम्हीही केलं असेल. पडद्यावर आलं: तिसरा पंप, तेल बदलले. झडप घट्ट बसत नाही. मी पुढचं पान धरलं. बॅटरी, डावी रांग, आम्लाची घनता. आणखी दोन पानं. नुसते आकडे. कुठे आई नाही, बहीण नाही, नाच नाही. ती त्याच्या कामाची वही होती.

शेजारी शाळेतली वही उघडी होती. तीत मॅडमच्या अक्षरात फ्रेंच. खाडाखोड, बाणांनी वरखाली केलेली वाक्यं, समासात लाल खुणा.

मॅडम दारात उभ्या होत्या. रागावल्या नाहीत. खुर्ची ओढून बसल्या.

"आधी फ्रेंचमध्ये लिहिते," त्या म्हणाल्या, "आणि मग त्याचं इंग्रजी करते. नाहीतर भाषांतर म्हणून सांगणार कसं?"

तशा परिस्थितीतही मला हसू आलं. खोटेपणासुद्धा शिस्तीत. चाळीस वर्षं त्यांनी मुलांच्या फ्रेंचवर लाल खुणा केल्या. आता स्वतःच्या करत होत्या.

"पण मॅडम, हे बरोबर नाही. ती बाई हे खरं समजते आहे. तिला सांगायला हवं. तुम्ही नाही सांगितलं तर मला सांगावं लागेल."

"सांग. पण मला एक सांग, उद्या ती विचारेल, 'त्याला माहीत होतं का?' तेव्हा तू काय सांगशील?"

"माहीत नाही, असं सांगेन. तेच खरं आहे."

मॅडमनी काळी वही मिटली. मग त्यांनी जे सांगितलं ते त्यांच्या मुलालाही नीट माहीत नव्हतं.

त्यांचा धाकटा भाऊ मालवाहू जहाजावर रेडिओ ऑफिसर होता. पहिल्या सफरीला निघाला तेव्हा पाऊस होता. आईनं हातावर दही घातलं, मॅडम दाराआड रडल्या. दुसऱ्या सफरीत जहाज अरबी समुद्रात बेपत्ता झालं. कंपनीचं टाइप केलेलं पत्र आलं, त्यात लिहिलं होतं की काही माहिती उपलब्ध नाही. पुढे कोणी म्हणालं बारा वर्षं झाली, आता पुतळा करून विधी करून टाका. आईनं करू दिले नाहीत. ती गेली तोपर्यंत जेवणाच्या वेळी त्याचं ताट मांडत असे आणि रोज एकच प्रश्न विचारत असे.

"काय विचारायच्या?"

"शेवटच्या दिवशी तो जेवला होता का." मॅडमनी टोपण काढलं, लावलं. "रोज, अगं. आणि मी फ्रेंचची शिक्षिका, खरं बोलणारी! मी रोज म्हणायची, 'माहीत नाही, आई.' सत्तावीस वर्षं म्हणत राहिले. जेवला होता म्हणाले असते तर माझं काय जाणार होतं?"

मी शाळेतली वही त्यांच्या पुढ्यात सरकवली.

"बाकीचं सगळं लिहिलं," त्या हळू आवाजात म्हणाल्या. "नाच लिहिला, पाव लिहिला, दही लिहिलं. पण हे एक लिहायला हात धजत नाही. तो होता गं. खरा माणूस होता. त्याच्या तोंडी हे घालायचा मला काय अधिकार? म्हणून खाली जाऊन बसते. म्हणते, बाबा रे, तू सांग. तुला माहीत होतं का?"

"मग?"

"पाइप वाजतात," मॅडम म्हणाल्या.

पुढचे दोन गुरुवार त्यांनी तब्येतीचं निमित्त काढलं. तिसऱ्या गुरुवारी मला फोन केला, "गाडी काढ." मी ठरवलं होतं, की आज काही वेडंवाकडं वाचलं तर तिथल्या तिथे उठायचं आणि सांगून टाकायचं. मी लॅपटॉप उघडलासुद्धा नाही.

मॅडमनी आधी फ्रेंच वाचलं, काळी वही समोर धरून, डोळे मिटून. मग इंग्रजी. बोट निघायला चार दिवस उरले आहेत. गोदीबाहेरच्या उपाहारगृहात ते दोघं बसले आहेत. 'ती रोज दोन कप कॉफी पिते. आज कप समोर आला आणि तिनं तोंड फिरवून तो बाजूला सारला. कालही सारला होता. माझी बहीण तिच्या पहिल्या खेपेला अशीच करायची, कॉफीचा वास आला की उठून अंगणात जायची. मी काही विचारलं नाही. तिला सांगायचं असेल तेव्हा ती सांगेल. पण मला कळलं आहे. मी तिचा कप उचलला आणि प्यायलो. आता मला परत यायलाच हवं.'

माझं डोकं सवयीनं चुका शोधायला लागलं. तारखा जुळत होत्या. वही बोट निघण्याआधीची, तेव्हा पुढच्या पत्रांशी कुठे अडत नव्हतं. आईचं एकही पत्र त्याच्या हातात पडलं नाही, हेही तसंच राहत होतं. कुठे बोट ठेवायला जागा नव्हती. आणि असती तरी मी ठेवलं नसतं, हे मला त्या क्षणी कळलं आणि माझीच मला लाज वाटली. पण मी गप्प राहिले.

बार्बराबाई रडल्या नाहीत. उठून सिंकपाशी गेल्या, नळ सोडला, बंद केला. पाठमोऱ्याच म्हणाल्या, "आई म्हणायची, माझ्या वेळेला तिला कॉफी अजिबात चालत नव्हती."

मी मॅडमकडे पाहिलं. मॅडमना हे माहीत नव्हतं. काळी वही त्यांनी दोन्ही हातांनी घट्ट धरली.

परत येताना गाडीत मी म्हटलं, "बऱ्याच बायकांना कॉफी चालत नाही, मॅडम. कॉमन आहे ते."

"हो," त्या म्हणाल्या. जरा वेळानं म्हणाल्या, "पण मी आधी चहा लिहिला होता. त्या दिवशी खाली बसले होते तेव्हा खोडला. का खोडला ते आठवत नाही."

त्या हिवाळ्यात मॅडम गेल्या. साधा ताप म्हणता म्हणता चार दिवसांत. शेवटच्या दुपारी मी हॉस्पिटलात भेटायला गेले तेव्हा त्या खोलीतल्या यंत्राची घरघर लक्ष देऊन ऐकत होत्या. मला म्हणाल्या, "जरा गप्प बस." दुसरं काही बोलल्या नाहीत. आयुष्यभर मुलांना गप्प बसवलेल्या बाईंचे माझ्याशी शेवटचे शब्द हे असावेत याचं मला तेव्हा वाईट वाटलं, आता वाटत नाही.

अस्थी मुलानं पुण्याला नेल्या. सामान आवरताना काळी वही त्यानं बार्बराबाईंना पाठवली आणि शाळेतली ती वही माझ्याकडे दिली. "ताई, आईचा फ्रेंच होमवर्क दिसतोय. मला तर काही कळत नाही. तू ठेवतेस?"

ठेवली. बरेच दिवस उघडली नाही. एका दुपारी शेवटच्या लिहिलेल्या पानांवर फोन धरला. कॉफीनंतरही मॅडमनी तीन पानं लिहिली होती, ती बार्बराबाईंना कधी वाचून दाखवली नव्हती. समासात एकही लाल खूण नव्हती. खलाशी बहिणीला लिहीत होता. फोन 'बहीण' असं दाखवत होता, मला 'ताई' ऐकू येत होतं. ताई, इथे हवा कमी आहे पण त्रास होत नाही. ताई, आईला सांग, माझं ताट मांडू नकोस. मी जेवलो आहे.

मी फोन उलटा ठेवला. आमच्या घराखालची भट्टी सुरू झाली आणि बंद होईपर्यंत मी जागची हलले नाही.

मार्चमध्ये बार्बराबाईंचा निरोप आला, की येऊन जा. आता त्या पलंगावरच असतात. उशाशी बिस्किटांचा डबा. मॅडमच्या आठवणी निघाल्या, रडून झालं. मग त्यांनी काळी वही काढून माझ्या हातात दिली.

"ते कॉफीचं पान कुठलं, मला दाखव," त्या म्हणाल्या. "मुलीला सांगून ठेवायचं आहे. तेवढं पान माझ्याबरोबर शवपेटीत ठेवा म्हणून. नात फोन घेऊन आली होती, आजी मी शोधून देते म्हणाली. मी नको म्हटलं. म्हटलं, जिनं ऐकलं आहे तीच दाखवेल."

त्या माझ्याकडे बघत होत्या. डोळे निळे, अगदी स्वच्छ. त्यांना काही कळलं होतं की नव्हतं, हे मला सांगता येणार नाही, आणि विचारायचा तर प्रश्नच नव्हता.

मी पानं उलटू लागले. आकडे, आकृत्या, बाण, तेलकट अंगठ्यांचे ठसे. शेवटाकडे एक पान होतं त्यावर आकडे नव्हते, बारीक अक्षरात सलग ओळी होत्या. हे पान मी फोननं कधी पाहिलं नव्हतं. बॅटरीत पाणी कसं घालावं ते असेल. मला फ्रेंच येत नाही.

"हे," मी म्हटलं.

त्यांनी वही उजेडाकडे धरली. "यात मी कुठे आहे?"

मी चौथ्या ओळीतल्या एका शब्दावर बोट ठेवलं. त्यांनी माझं बोट हलकेच बाजूला केलं आणि तिथे आपलं ठेवलं. नखाखालची शाई पुसट झाली होती, तरी अक्षरं दिसत होती. त्या शब्दाचा अर्थ मी अजून पाहिलेला नाही.